बेल-बॉटममधला पोलीस आणि त्याचे देशोदेशीचे अवतार: ‘लाइफ ऑन मार्स’बद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

‘लाइफ ऑन मार्स’ ही बीबीसीची पोलीस मालिका, पुढे बऱ्याच देशांत तिचे रीमेक झाले. ती कुणाला सुचवली की आठवड्याभरात तेच ते प्रश्न परत येतात. नायक कोमात गेलाय का, अमेरिकन बघू की कोरियन, शेवट असा का केला. म्हणून एकदाच सगळं लिहून ठेवतोय. शेवट फोडणारे प्रश्न खाली वेगळे ठेवलेत. तिथे पोहोचायच्या आधी सूचना दिली आहे, नंतर तक्रार चालणार नाही.

मालिका आहे तरी कशाबद्दल?

सॅम टायलर हा २००६ सालच्या मँचेस्टरमधला पोलीस अधिकारी. शिस्तीचा, कागदपत्रं चोख ठेवणारा. त्याच्या मैत्रिणीचं अपहरण झालंय. तो भेदरून रस्त्याच्या कडेला गाडी थांबवतो, खाली उतरतो आणि दुसरी गाडी येऊन त्याला उडवते. गाडीत आयपॉडवर ब्रिटिश गायक डेव्हिड बोवीचं ‘लाइफ ऑन मार्स?’ चालू असतं. डोळे उघडतो तेव्हा तेच गाणं एका जुनाट टेपवर वाजतंय, अंगात मोठ्या कॉलरचा शर्ट आणि लेदर जॅकेट आहे आणि साल आहे १९७३. समोर उभ्या शिपायाला तो सांगतो की मी जीप चालवत होतो. शिपायाला वाटतं, लष्करी गाडी. सॅम म्हणतो मला माझा मोबाइल हवाय, शिपाई विचारतो, मोबाइल काय? पहिल्या दहा मिनिटांत मालिकेने मला पकडलं ते इथे.

त्याच्या खिशात बदलीचे कागद सापडतात. हाइड नावाच्या गावाहून तो इथे रुजू झालाय, तेही एक पद खाली उतरून. त्याचा नवा साहेब म्हणजे जीन हंट. उंटाच्या रंगाचा ओव्हरकोट, तोंडात सिगारेट, हातात ग्लास, बुडाखाली फोर्ड कॉर्टिना गाडी.

मग मंगळाचा काय संबंध?

गाण्याचा संबंध, ग्रहाचा नाही. बोवीचं हे गाणं १९७१ च्या अल्बममधलं, पण सिंगल म्हणून १९७३ मध्ये आलं. म्हणजे साल बरोबर जुळतं. सॅमच्या दृष्टीने ते १९७३ परग्रहच आहे, हा श्लेष. अमेरिकन मंडळींनी मात्र हे नाव जरा जास्तच मनावर घेतलं, त्याबद्दल खाली.

तो खरंच मागे जातो, की डोक्यातच सगळं चाललंय?

दर भागाच्या सुरुवातीला सॅम स्वतःच हा प्रश्न विचारतो: मी वेडा झालोय, कोमात आहे, की काळात मागे आलोय? रेडिओतून डॉक्टरांचे आवाज येतात, फोनवर यंत्रांची टिकटिक ऐकू येते. त्यामुळे कोमाचं पारडं जड राहतं. पण मालिका तुम्हाला उत्तराच्या मागे फार पळू देत नाही, कारण दर आठवड्याला एक खून, दरोडा किंवा अपहरण सोडवायचं असतं. कालयंत्र नाही, वैज्ञानिक खुलासा नाही. कालप्रवासाच्या गणितात रस असेल तर तुमची निराशा होईल.

१९७३ च का? १९६५ किंवा १९८५ का नाही?

माझ्या मते मालिकेची खरी गोम इथेच आहे, आणि सगळे रीमेक समजून घ्यायची किल्लीसुद्धा.

ब्रिटनमध्ये १९८४ साली पोलीस आणि पुराव्यासंबंधीचा मोठा कायदा झाला आणि १९८६ पासून तो लागू झाला. आरोपीला किती तास ठेवायचं, वकील कधी द्यायचा, जबाब कसा नोंदवायचा, हे त्याने बांधून दिलं. खटला चालवायचा की नाही हे ठरवणारी स्वतंत्र यंत्रणाही १९८६ चीच. डीएनएवरून माणूस ओळखण्याची पद्धत अ‍ॅलेक जेफ्रीज यांनी १९८४ मध्ये लेस्टरला शोधली. स्त्री-पुरुष भेदभावाविरुद्धचा कायदा १९७५ चा. सॅम ज्या ज्या गोष्टींवर टेकून पोलिसी करतो त्यातली एकही १९७३ मध्ये नाही. इतकंच काय, तो ज्या ग्रेटर मँचेस्टर पोलीस दलाचा अधिकारी आहे ते दलही १९७४ मध्ये स्थापन झालं. मागे गेल्यावर त्याच्या पायाखालची नोकरीसुद्धा नाहीशी झालेली असते.

जीन हंट संशयिताची चौकशी कुठे करतो? ‘हरवले-सापडले’च्या खोलीत. छत्र्या, पेट्या आणि बेवारस सामानाच्या मधोमध माणसाला खुर्चीत बसवायचं आणि दार लावून घ्यायचं. सॅम टेपरेकॉर्डर लावा म्हणतो तेव्हा सगळे त्याच्याकडे असे बघतात जणू त्याने चौकशीला हार्मोनियम मागवलाय.

माझे मामा पोलीस खात्यातून हवालदार म्हणून निवृत्त झाले. त्यांना एकदा हा प्रसंग दाखवला. इंग्रजी अर्धंमुर्धं कळत असूनही हंट खोलीत शिरल्याबरोबर म्हणाले, “हा आता विचारणार नाही, सांगणार.” मग चहाचा घोट घेऊन, “आमच्याकडे पण एक होते असे.” नाव काही सांगितलं नाही.

म्हणून १९७३. नियम यायच्या अगदी आधीचं साल, आणि तरीही त्या काळातली माणसं अजून हयात असतील इतकं जवळचं.

जीन हंट नायक आहे की खलनायक?

वंशवादी शेरे, बायकांबद्दल घाण विनोद, पुरावे पेरणं, हात उचलणं हे सगळं तो करतो. तरी ब्रिटनमधले प्रेक्षक सॅमपेक्षा त्याच्याच प्रेमात पडले. फिलिप ग्लेनिस्टरने काम केलंयच तसं.

मालिका त्याला सहज सोडत नाही आणि सॅमलाही नाही. दुसऱ्याच भागात हंट एका गुंडाला अडकवायला पुरावा पेरतो. सॅम तत्त्वाला धरून त्या गुंडाला सोडायला लावतो, आणि पुढच्या गोळीबारात एका निरपराध बाईला गोळी लागते. बरोबर वागल्याची किंमत तिसऱ्याच माणसाने मोजली. पहिल्या पर्वाच्या सातव्या भागात उलट बाजू येते: कोठडीत एक पोरगा मरतो, आणि आपल्याच ठाण्यातल्या लोकांची चौकशी सॅमला करावी लागते. ज्यांच्याबरोबर रोज संध्याकाळी बसायचं, त्यांचेच जबाब घ्यायचे. कोठडीतल्या मृत्यूच्या बातम्या वाचत मोठे झालेल्या आपल्यासारख्यांना हा भाग परका वाटत नाही. एकच भाग पाहणार असाल तर तो पाहा.

कोणी लिहिली?

मॅथ्यू ग्रॅहम, टोनी जॉर्डन आणि अ‍ॅशली फॅरो. १९९८ मध्ये या तिघांना निर्मिती संस्थेने नव्या कल्पना सुचाव्यात म्हणून ब्लॅकपूलला धाडलं होतं. तिथे हे बीज पडलं. तेव्हा नाव होतं ‘फोर्ड ग्रॅनडा’, म्हणजे गाडीचंच. बरीच वर्षं कुणी हात लावेना, चॅनल फोरनेही नाही म्हटलं. शेवटी ९ जानेवारी २००६ ला बीबीसी वनवर पहिला भाग लागला आणि १० एप्रिल २००७ ला शेवटचा. दोन पर्वं, आठ-आठ भाग, एकूण १६. दोन्ही पर्वांना आंतरराष्ट्रीय एमी पुरस्कार मिळाला, २००६ आणि २००८ मध्ये. सॅम झालेला जॉन सिम आणि ग्लेनिस्टर २००३ च्या एका गाजलेल्या राजकीय मालिकेत एकत्र होते, त्यामुळे दोघांची जुगलबंदी आयती जमलेली.

टीव्हीतून बाहेर येणारी ती लाल कपड्यांतली मुलगी कोण?

हा प्रश्न भारतीय प्रेक्षकच विचारतात, कारण ब्रिटिशांना ती पाहताक्षणी कळते. कार्यक्रम नसताना बीबीसी पडद्यावर एक स्थिर चित्र ठेवायची. १९६७ पासूनच्या त्या चित्रात एक मुलगी कापडी विदूषकाबरोबर फुली-गोळा खेळताना दिसायची. खरी मुलगी कॅरोल हर्सी, बीबीसीतल्या एका अभियंत्याची लेक. मालिकेत दुसरी मुलगी तिच्यासारखी सजवली आहे. रात्री सॅमला डुलकी लागली की ती पडद्यातून उतरते आणि त्याच्या कानाशी काहीबाही बोलते.

आपल्याकडे असं चित्र डोक्यात नाही. मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झालं, म्हणजे या कथेच्या वेळी ते जेमतेम रांगत होतं. आपल्या आठवणीत आहेत त्या कार्यक्रम संपल्यावरच्या मुंग्या. त्या मुंग्यांतून कुणी बाहेर आलं असतं तर कसं वाटलं असतं, तेवढी कल्पना करा.

यात चुका आहेत म्हणे?

आहेत. सगळ्यांत प्रसिद्ध चूक पहिल्याच भागात आहे. सॅम जागा होतो तिथे फलक लागलाय की मँचेस्टरचा उड्डाणमार्ग लवकरच येतोय. प्रत्यक्षात तो मँक्युनियन वे १९६७ मध्येच पूर्ण झाला होता. पण हे सगळं सॅमच्या डोक्यातलं असेल तर चूक सॅमची, लेखकांची नाही. इतकी सोयीची पळवाट फार कमी लेखकांना मिळते.

मालिकेत भारतीय वंशाची पात्रं आहेत का?

सॅमची मैत्रीण माया रॉय, भूमिका आर्ची पंजाबीची. दुसऱ्या पर्वाच्या सहाव्या भागात युगांडातून आलेले आशियाई कुटुंब येते. तिथला हुकूमशहा इदी अमीन याने १९७२ मध्ये आशियाई लोकांना देश सोडायला लावला, आणि सत्तावीस-अठ्ठावीस हजार माणसं ब्रिटनमध्ये उतरली. बहुतेक गुजराती, पण कंपाला आणि एंटेबेच्या कचेऱ्यांत नोकरी करणारी गोव्याची कुटुंबंही त्यात होती. त्या भागात सॅमला मायाची आई भेटते, माया जन्मायच्या आधीची. हंटच्या तोंडची भाषा या भागात ऐकवत नाही, आणि ती तशीच ठेवली हे बरं केलं.

रीमेक किती झाले?

अमेरिका (२००८), स्पेन (२००९), रशिया (२०१२), चेक प्रजासत्ताक (२०१७) आणि दक्षिण कोरिया (२०१८). नायक कुठल्या साली जागा होतो ते पाहा: अमेरिकेत १९७३, स्पेनमध्ये १९७७, रशियात १९७९, चेकमध्ये १९८२, कोरियात १९८८. हे आकडे उगाच पडलेले नाहीत. अमेरिका सोडली तर प्रत्येकाने स्वतःचं १९७३ शोधलं.

म्हणजे काय, नीट सांगा.

स्पेनचं बघा. हुकूमशहा फ्रँको नोव्हेंबर १९७५ मध्ये गेला. जून १९७७ मध्ये चाळीसेक वर्षांनी पहिली मोकळी निवडणूक झाली. मधल्या काळात पोलीस तेच, ठाणी तीच, काल ज्यांना बडवलं ते आज उमेदवार. तिथला नायक सामुएल सांतोस नेमका या फटीत पडतो. लोकशाहीत वाढलेला पोलीस आणि हुकूमशाहीत घडलेला साहेब एकाच गाडीत. नाव ठेवलंय ‘ला चिका दे आयेर’, म्हणजे ‘कालची मुलगी’. हे स्पेनमधलं अतिशय लाडकं गाणं, पण ते आलं १९८० मध्ये. चूक नव्हे, हळवेपणा म्हणा. आठच भाग निघाले, आणि इतकी तयार जमीन हाताशी असून मालिका तिथे खोल नांगरत नाही याची चुटपुट लागते.

रशियन मालिकेचं नाव ‘चंद्राची दुसरी बाजू’, म्हणजे बोवीऐवजी पिंक फ्लॉइड या बँडच्या अल्बमची आठवण. इथे एक झकास बदल आहे: नायक सोलोव्योव १९७९ मध्ये आपल्या वडिलांच्या शरीरात जागा होतो. आरशात बापाचा चेहरा, घरात लहानपणीचा स्वतः. मूळ मालिकेत सॅम आईवडिलांना बाहेरून भेटतो, इथे तर बाप होऊनच राहायचं. शिवाय रशियात २०११ मध्ये ‘मिलिशिया’ हे पोलिसांचं सोव्हिएत नाव बदलून ‘पोलीस’ केलं गेलं. नाव बदलून खातं बदलतं का, हा प्रश्न कुणी न उच्चारता मालिकेत घुटमळत राहतो. दुसऱ्या पर्वात नायक अशा २०११ मध्ये येतो जिथे सोव्हिएत संघ मोडलेलाच नाही. पहिल्याची सर त्याला नाही.

चेक मालिका ‘स्व्येत पोड ह्लावौ’ दहा भागांची, १९८२ मधली. सोव्हिएत नेता ब्रेझनेव्ह गेला ते साल. प्रागमधल्या वसंताला, म्हणजे १९६८ च्या सुधारणांच्या लाटेला, रणगाड्यांनी चिरडल्यानंतरचा गोठलेला काळ. तिथे गुन्हे शोधणाऱ्या पोलिसाच्या शेजारच्या खोलीत गुप्त पोलीस बसलेला. मँचेस्टरच्या हंटला फार तर वरिष्ठांची भीती, इथे प्रत्येकाला प्रत्येकाची. त्यामुळे विनोद असूनही घशाखाली नीट उतरत नाही.

कोरियन आवृत्ती इतकी का गाजली?

कारण ती उत्तम आहे. ‘ओसीएन’ वाहिनीवर जून ते ऑगस्ट २०१८, सोळा भाग. सोलचा रुक्ष, पुराव्यावर जगणारा हान ते-जू १९८८ मधल्या इन्सुंग नावाच्या काल्पनिक गावात जागा होतो. १९८७ च्या जनआंदोलनाने थेट निवडणूक मिळवून नुकतंच वर्ष झालंय, सप्टेंबरात सोल ऑलिंपिक आहे आणि देशाला पाहुण्यांपुढे घर आवरून ठेवायचंय. अशा वेळी गटारात सापडलेलं प्रेत कुणालाच नको असतं.

साहेब कांग दोंग-चुल झालेला पार्क सुंग-वूंग कोरियन सिनेमात गुंडाच्या भूमिकांसाठी ओळखला जाणारा नट. इथे तो गुंडासारखाच वागणारा पोलीस आहे, आणि हसवतो. पण माझं लक्ष खिळून राहिलं ते युन ना-योंगवर. शिकलेली, हुशार, गुन्हेगाराच्या मनाचा अंदाज बांधणारी. ठाण्यात तिला सगळे ‘मिस युन’ म्हणतात आणि कॉफी करायला, मोजे धुवायला लावतात. नायक पहिल्यांदा तिला हुद्द्याने हाक मारतो तेव्हा ती वळून मागे बघते, कोणाला म्हणताहेत म्हणून. मूळ मालिकेतली महिला पोलीस अ‍ॅनी कार्टराइटही अशीच, पण मिस युनला जागा जास्त मिळाली आहे.

अमेरिकन पाहू का?

जीन हंट झालेल्या हार्वी काइटेलसाठी पाहायची असेल तर पाहा. ‘एबीसी’ वाहिनीने आधी निर्माते डेव्हिड ई. केली यांच्याकडून लॉस एंजेलिसमध्ये पहिला भाग करून घेतला, त्यात जीन हंट होता कोल्म मीनी. तो बाजूला ठेवून न्यू यॉर्कमध्ये नव्याने सुरुवात केली. नायक जेसन ओमारा तेवढा टिकला. सतरा भाग होऊन १ एप्रिल २००९ ला संपली. एक दृश्य मात्र मूळ मालिकेलाही जमलं नसतं: सॅम १९७३ मध्ये डोकं वर करतो आणि समोर जुळे मनोरे उभे. एक शब्द बोलायला लागत नाही.

— इथून पुढे शेवट फुटणार आहे —

अमेरिकन मालिकेचा शेवट खरंच तसा आहे?

खरंच तसाच. सगळे जण २०३५ साली मंगळाकडे निघालेले अंतराळवीर. प्रवासात झोपवून प्रत्येकाला हवं ते स्वप्न दिलेलं, सॅमच्या स्वप्नात यंत्राने बिघाड केला. शेजारची विंडी म्हणजे यानाचा संगणक, हाइड १-२-५ हे यानाचं नाव, आणि ‘जीन हंट’ म्हणजे मंगळावर जनुकांचा शोध. काइटेल निघतो सॅमचा बाप. शेवटी मंगळाच्या मातीवर टेकतो तो पांढरा बूट, १९७३ मधलाच. मी पहिल्यांदा पाहिला तेव्हा उशी फेकली होती. आता जरा हसू येतं. पण १९७३ चं न्यू यॉर्क, व्हिएतनाम, ठाण्यातला भ्रष्टाचार, हे सगळं एका स्वप्नयंत्राच्या बिघाडावर ढकलून दिलं याचा राग अजून आहे.

मूळ मालिकेचा शेवट काय?

सॅम शुद्धीवर येतो. आपल्या काळात, आपल्या खुर्चीत. एका बैठकीत त्याच्या लक्षात येतं की हात कापून रक्त येतंय आणि आपल्याला काहीच जाणवलं नाही. १९७३ मध्ये दारू विकणाऱ्या नेल्सनने त्याला सांगितलेलं असतं की जाणवतंय तोवर तू जिवंत आहेस. सॅम इमारतीच्या गच्चीवर जातो, धावत सुटतो आणि उडी मारतो. पुढच्या क्षणी तो १९७३ मधल्या बोगद्यात असतो, साथीदारांना वाचवायला. सगळे कॉर्टिनात बसून भांडत निघून जातात. मागून ती टीव्हीतली मुलगी येते आणि आपल्या तोंडावर टीव्ही बंद करते.

हा आनंदी शेवट आहे की भयंकर? मी दोनदा मत बदललंय. सध्या भयंकर या बाजूला आहे. कोरियन मालिकाही याच शेवटाच्या जवळपास राहते.

‘अ‍ॅशेस टू अ‍ॅशेस’ पाहिलीच पाहिजे का?

ही याच कथेची पुढची मालिका. हंटबद्दलचं उत्तर हवं असेल तर हो. २००८ ते २०१०, तीन पर्वं, २४ भाग. सॅमने नोंदवलेल्या अनुभवांचा अभ्यास करणारी अ‍ॅलेक्स ड्रेक गोळी लागून १९८१ च्या लंडनमध्ये पोहोचते. तिथे हंट आहे, आणि कॉर्टिनाच्या जागी लाल ऑडी क्वात्रो. पहिलं पर्व डगमगतं, तिसरं जबरदस्त. शेवटी कळतं की ही अकाली गेलेल्या पोलिसांची अधलीमधली जागा आहे, आणि हंट स्वतः १९५३ मध्ये, राणीच्या राज्याभिषेकाच्या दिवशी मारला गेलेला कोवळा शिपाई. तो सगळा रुबाब, तो कोट, ती भाषा म्हणजे एकोणीस-वीस वर्षांच्या पोराने सिनेमे बघून रंगवलेला साहेब. हे कळल्यावर पहिली मालिका पुन्हा पाहा, हंटचं प्रत्येक वाक्य वेगळं ऐकू येतं.

तिसरी मालिका येणार होती ना?

‘लाझरस’ या नावाने. ग्रॅहम यांनी २०२० मध्ये सूतोवाच केलं होतं, २०२३ मध्ये पैशाअभावी होत नाही असं त्यांनीच सांगितलं.

हिंदी किंवा मराठीत आहे का?

याचा रीमेक नाही. झी फाइव्हवरची २०२४ ची ‘ग्यारह ग्यारह’ पाहून अनेकांना तसं वाटतं, पण ती ‘सिग्नल’ या दुसऱ्या कोरियन मालिकेवरून घेतली आहे. त्यात माणूस मागे जात नाही, वॉकी-टॉकीवरून दोन काळांतले पोलीस बोलतात. मराठीत करायची झाली तर साल कुठलं घ्यायचं यावर आमच्या घरी वाद झालाय. बायकोचं म्हणणं १९७५, आणीबाणी. माझं म्हणणं १९८२, मुंबईतला गिरणी संप आणि त्याच वर्षीचं पोलिसांचं बंड. मामांना विचारलं तर म्हणाले, “कुठलंही घ्या, चहा तोच होता.”

सुरुवात कुठून करू?

ब्रिटिश, पहिला भाग, सबटायटल लावून. मँचेस्टरी उच्चार पहिल्या दिवशी कुणालाच कळत नाहीत. मग कोरियन. घरात लहान मुलं असतील तर हंटच्या तोंडाची जबाबदारी तुमची.